टेन्थ माउंटन डिव्हिजन : बर्फासाठी घडवलेले सैनिक इटलीत कसे लढले?

दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेने खास डोंगराळ आणि बर्फाळ मुलखात लढण्यासाठी एक डिव्हिजन उभी केली. तिचे नाव टेन्थ माउंटन डिव्हिजन, म्हणजे दहावी डोंगरी डिव्हिजन. सुमारे चौदा हजार माणसांची ही फौज तयार व्हायला तीन वर्षे लागली आणि प्रत्यक्ष लढाई तिच्या वाट्याला आली ती जेमतेम चार महिने. ज्या स्कीइंगमुळे ती देशभर गाजली, ते स्कीइंग रणांगणावर जवळजवळ उपयोगी पडलेच नाही. तरीही डोंगरी युद्धाचा विषय निघाला की फेब्रुवारी १९४५ मधली तिची एका रात्रीतली चढाई हटकून सांगितली जाते.

डोंगरासाठी वेगळे सैनिक कशाला?

सपाटीवर लढणाऱ्या सैन्याची ताकद रस्त्यांवर अवलंबून असते. तोफा, दारूगोळा, पाणी, जेवण आणि जखमी माणसे, सगळे चाकांवरून जाते. डोंगरात चाके थांबतात आणि हे सगळे माणसाच्या किंवा खेचराच्या पाठीवर येते. त्यात थंडी आणि विरळ हवा. एखाद्या बटालियनला उंचावर नुसते नेऊन सोडले तर शत्रूची गोळी लागण्याआधीच हिमदंश, पायांची दुखणी आणि दमछाक तिची बरीच माणसे कमी करतात.

युरोपातल्या देशांना हे आधीच ठाऊक होते. आल्प्सची सीमा राखण्यासाठी इटलीने १८७२ मध्ये ‘अल्पिनी’ ही डोंगरी पथके उभारली. फ्रान्स, ऑस्ट्रिया आणि जर्मनीकडेही अशी पथके होती. अमेरिकेकडे मात्र १९४१ पर्यंत असे काहीही नव्हते.

डोळे उघडले ते फिनलंडमुळे. नोव्हेंबर १९३९ मध्ये सोव्हिएत फौजा फिनलंडमध्ये घुसल्या. पांढरे कपडे घातलेल्या, स्कीवरून जंगलातून सरकणाऱ्या फिनिश सैनिकांनी रस्त्यात अडकलेल्या मोठमोठ्या सोव्हिएत तुकड्यांचे तुकडे पाडले. शेवटी फिनलंडला तह करावा लागला, पण हिवाळा कुणाच्या बाजूने लढतो हे जगाला दिसले. अमेरिकेत ही गोष्ट सर्वांत मनावर घेतली ती एका नागरिकाने. चार्ल्स मिनो डोल हे विम्याच्या धंद्यातले गृहस्थ होते. स्कीइंग करताना जखमी होणाऱ्यांना मदत करणारी ‘नॅशनल स्की पेट्रोल’ ही संघटना त्यांनी १९३८ मध्ये स्थापन केली होती. त्यांनी युद्धखात्याकडे पत्रांचा मारा केला आणि १९४० मध्ये थेट लष्करप्रमुख जॉर्ज मार्शल यांची भेट मिळवली. त्यांचे म्हणणे साधे होते : स्कीइंग येणाऱ्या माणसाला सैनिक बनवणे सोपे आहे, सैनिकाला स्कीइंग शिकवणे अवघड.

शिफारसपत्र घेऊन सैन्यात

नोव्हेंबर १९४१ मध्ये वॉशिंग्टन राज्यातल्या फोर्ट लुइस येथे ८७ व्या माउंटन इन्फंट्रीची पहिली बटालियन उभी राहिली. पुढच्याच महिन्यात पर्ल हार्बरवर हल्ला झाला. पहिला हिवाळा या मंडळींनी माउंट रेनियरच्या उतारांवर काढला.

भरतीची पद्धत मात्र जगावेगळी होती. माणसे शोधण्याचे काम सैन्याने नॅशनल स्की पेट्रोलकडे सोपवले. अर्जदाराला आपल्या डोंगरातल्या अनुभवाबद्दल तीन शिफारसपत्रे आणावी लागत. सैन्यात जाण्यासाठी शिफारसपत्रे लागतात यावर तेव्हा बरेच विनोद झाले असणार. स्पर्धेतले स्कीपटू, गिर्यारोहक, वनरक्षक, लाकूडतोडे आणि कॉलेजची मुले आली. युरोपातून आलेले स्की प्रशिक्षकही आले. दोनदा जगज्जेता ठरलेला स्वित्झर्लंडचा वाल्टर प्रागर त्यांच्यातला. ‘द साउंड ऑफ म्युझिक’ हा चित्रपट ज्या कुटुंबावरून बेतला, त्या फॉन ट्रॅप घराण्यातले रूपर्ट आणि वेर्नर हे दोघे भाऊही याच डिव्हिजनमध्ये होते.

पण पूर्ण डिव्हिजन भरेल एवढे स्कीपटू देशात नव्हतेच. पुढे कधीही बर्फ न पाहिलेली माणसेही मोठ्या संख्येने आली, आणि डोल यांच्या म्हणण्याच्या अगदी उलट काम करावे लागले.

कॅम्प हेल

१९४२ मध्ये कोलोरॅडो राज्यातल्या रॉकी पर्वतांत, लेडव्हिल गावाजवळच्या पँडो खोऱ्यात सैन्याने काही महिन्यांत एक अख्खे गाव वसवले. दलदल भरून काढली, नदी सरळ कालव्यात वळवली, बराकी, दवाखाना, खेचरांचे तबेले बांधले. हाच कॅम्प हेल. उंची सुमारे ९,२०० फूट, म्हणजे २,८०० मीटर. एवढ्या उंचीवर समुद्रसपाटीच्या मानाने हवेचा दाब सुमारे तीस टक्क्यांनी कमी असतो, त्यामुळे प्रत्येक श्वासात ऑक्सिजन कमी मिळतो. पाणी नव्वद अंशांच्या आसपासच उकळते, म्हणून शिजवायलाही वेळ लागतो. नव्याने आलेल्या माणसाला जिना चढतानाही धाप लागे. शरीर हळूहळू सरावते, रक्तातल्या तांबड्या पेशी वाढतात, पण त्याला काही आठवडे जातात. कॅम्प इतक्या उंचावर बांधण्यामागे हाच हिशेब होता.

एक गोष्ट मात्र हिशेबात धरलेली नव्हती. खोरे चारही बाजूंनी बंद होते. शेकडो कोळशाच्या शेगड्या आणि शेजारून जाणारी वाफेची इंजिने यांचा धूर वर जाईना, तो कॅम्पवरच साचून राही. जवळपास प्रत्येकाला कोरडा, चिवट खोकला जडला. सैनिकांनी त्याला ‘पँडो हॅक’ असे नाव दिले होते. काहींना या खोकल्यापायी कॅम्प सोडावा लागला.

स्कीइंग शिकवले जाई ते मौजेचे नव्हते. साडेसात फूट लांबीच्या पांढऱ्या लाकडी स्की, पाठीवर रायफल आणि चाळीस किलोपर्यंत वजनाची पाठपिशवी. एवढे ओझे घेऊन उतारावर पडणारा माणूस स्वतःहून उठू शकला तरी खूप. वेगापेक्षा तोल आणि चिकाटी शिकवण्यावर भर होता. उन्हाळ्यात कड्यांवर चढाई चाले : दोर बांधणे, फटीत पिटॉन ठोकणे, साथीदार पडला तर दोर धरून त्याला तोलणे, आणि हेच सारे रात्री, न बोलता. जखमी माणसाला स्ट्रेचरला बांधून कड्यावरून खाली कसे सोडायचे, हाही त्याचाच भाग होता.

सामानाचे प्रयोगही इथेच झाले. तोवर चढाईचे दोर मनिला नावाच्या वनस्पतिजन्य धाग्याचे असत. ते भिजले की जड आणि ताठ होत, आणि पडणाऱ्या माणसाच्या झटक्याने तुटण्याची भीती असे. नायलॉनचा दोर ताणला जातो आणि झटका पोटात घेतो. लष्करासाठी बनलेला हा दोर युद्धानंतर जगभरच्या गिर्यारोहकांनी उचलला. बर्फावर चालणारी ‘वीझल’ ही पट्ट्यांची छोटी गाडी, छोटा स्टोव्ह, पिसांची झोपपिशवी, जाड तळव्याचे बूट, सगळ्यांच्या चाचण्या झाल्या. माणसांवरच झाल्या, हे सांगायला नको.

१९४४ च्या वसंताच्या तोंडावर ‘डी सिरीज’ नावाचा मोठा सराव झाला. संपूर्ण डिव्हिजन कित्येक आठवडे उघड्यावर, उणे तीस अंशांच्या खाली गेलेल्या थंडीत, बऱ्याचदा शेकोटीशिवाय राहिली. हिमदंशाच्या रुग्णांनी दवाखाना भरला. पुढे इटलीत लढलेले अनेक जण म्हणत की अंगाला झालेल्या त्रासापुरते बोलायचे तर डी सिरीज युद्धापेक्षा वाईट होती.

धुक्यातली पहिली मोहीम

त्याआधी, ऑगस्ट १९४३ मध्ये, ८७ व्या रेजिमेंटला एक मोहीम मिळाली होती. अलास्काच्या पश्चिमेला अल्यूशियन बेटांच्या रांगेत किस्का नावाचे बेट जपान्यांच्या ताब्यात होते. तीस हजारांहून अधिक अमेरिकन आणि कॅनेडियन सैनिक तिथे उतरवण्यात आले. डोंगरी रेजिमेंट त्यांतली एक. दाट धुके, ओली थंडी, हाताच्या अंतरावर काही दिसेना. आवाज आला की गोळी झाडायची, समोरूनही गोळी यायची. जपानी फौज दोन आठवड्यांपेक्षा जास्त काळ आधीच गुपचूप निघून गेली आहे हे नंतर कळले. दोन्ही बाजूंना आपलीच माणसे होती. या डिव्हिजनचे युद्धातले पहिले मृत्यू बरेचसे असे झाले.

उत्तम प्रशिक्षणाच्या कहाण्यांत किस्काला सहसा एका ओळीची जागा मिळते. खरे तर दोर आणि स्की इतक्या बारकाईने शिकवणाऱ्या व्यवस्थेने धुक्यात आपला माणूस ओळखायचा कसा हे पुरेसे शिकवले नव्हते, एवढे तरी इथे नोंदवायला हवे.

टेक्सास आणि खेचरे

जुलै १९४३ मध्ये ८५, ८६ आणि ८७ या तीन रेजिमेंट एकत्र करून डिव्हिजन रीतसर उभी राहिली होती, पण तिला कुठे पाठवायचे हे ठरत नव्हते. तिच्याकडे जड तोफा कमी, गाड्या कमी आणि खेचरे भरपूर. अशी फौज हवी असलेला सेनापती सापडणे सोपे नव्हते. जून १९४४ मध्ये तिला टेक्सासमधल्या कॅम्प स्विफ्टला हलवले गेले. रॉकीच्या बर्फातून थेट टेक्सासच्या उन्हाळ्यात! स्कीपटूंची ही फौज आता सपाट, तापलेल्या मैदानावर लांबलांब पायपीट करू लागली. जड मशीनगनच्या कंपन्या वाढवल्या गेल्या. नोव्हेंबरमध्ये नावात ‘माउंटन’ हा शब्द आला आणि नवे सेनापती आले : मेजर जनरल जॉर्ज हेज. ते मूळचे तोफखान्यातले. पहिल्या महायुद्धातल्या शौर्याबद्दल त्यांना ‘मेडल ऑफ ऑनर’ हे अमेरिकेचे सर्वोच्च पदक मिळालेले होते. स्कीइंगशी त्यांचा संबंध नव्हता.

अखेर इटलीतल्या मार्क क्लार्क यांनी डिव्हिजन मागून घेतली. डिसेंबर १९४४ ते जानेवारी १९४५ या काळात ती नेपल्सला उतरली. बरेचसे खास साहित्य मागेच राहिले होते. जानेवारीत काही गस्ती स्कीवरून घातल्या गेल्या, आणि डिव्हिजनचे युद्धातले स्कीइंग जवळपास तिथेच संपले.

रिव्हा रिजची रात्र

इटलीच्या कण्यासारखी अपेनाइन पर्वतरांग आडवी येते, तिथे जर्मनांनी ‘गॉथिक लाइन’ ही संरक्षणफळी उभारली होती. बोलोन्याकडे जाणाऱ्या ६४ क्रमांकाच्या रस्त्यावर माउंटे बेल्व्हेदेरे या डोंगराची नजर होती. उंची साधारण ११४० मीटर, म्हणजे आल्प्सच्या मानाने टेकडीच. पण १९४४ च्या शरद ऋतूत तो घेण्याचे दोस्तांचे प्रयत्न फसले होते. कारण बेल्व्हेदेरेच्या पश्चिमेला एक लांबलचक धार आहे. अमेरिकनांनी तिला रिव्हा रिज म्हटले. तिच्यावर बसलेल्या जर्मन टेहळ्यांना बेल्व्हेदेरेकडे सरकणारा प्रत्येक माणूस दिसे, आणि मग तोफा बोलत.

हेज यांनी ठरवले की आधी धार, मग डोंगर. धारेची अमेरिकनांकडची बाजू म्हणजे दरीतून दीड-दोन हजार फूट उठलेला, जागोजागी उभा, बर्फ आणि निसरड्या दगडांचा उतार. या बाजूने एखादी गस्त येईल, अख्खी बटालियन येणार नाही, असा जर्मनांचा कयास होता. त्यामुळे वर फारशी माणसे नव्हती.

डिव्हिजनच्या गस्ती आधीचे काही आठवडे रात्री जाऊन वाटा शोधत राहिल्या. अवघड जागी दोर बांधून ठेवले. १८ फेब्रुवारी १९४५ च्या संध्याकाळी ८६ व्या रेजिमेंटची पहिली बटालियन आणि सोबत आणखी एक कंपनी, मिळून सातशे-आठशे माणसे, वेगवेगळ्या वाटांनी निघाली. तोफखान्याचा आधी मारा नाही, बोलणे नाही, सिगारेट नाही. एकाच्या पायाखालून दगड सुटला तर खालचा मरेल आणि वरचा सावध होईल. पहाटे धुके उतरले आणि तेही कामी आले. उजाडता उजाडता सगळ्या कंपन्या धारेवर होत्या. चढाईत त्यांचा जवळजवळ कुणीही बळी पडला नव्हता.

खरी मारामारी त्यानंतर झाली. जर्मनांनी दोन-तीन दिवस उलट हल्ले केले. धारेच्या उत्तर टोकाला पिझ्झो दि कॅम्पियानो नावाच्या सुळक्यावर एक प्लॅटून बाकीच्यांपासून तुटली आणि आपल्याच तोफांचे गोळे आपल्या खंदकांच्या अगदी जवळ पाडायला सांगून तिने जागा धरून ठेवली. खालून दारूगोळा आणणे आणि वरून जखमी उतरवणे तासन्‌तास चाले. तेव्हा डिव्हिजनच्या १२६ व्या इंजिनिअर बटालियनने उतारावर तारा ताणून एक छोटा रोपवे उभा केला. खाली येताना जखमी, वर जाताना पाणी आणि काडतुसे. कॅम्प हेलमध्ये केलेल्या सरावाचे याहून सरळ फळ दुसरे सापडत नाही.

बेल्व्हेदेरे : चढाई नव्हे, लढाई

दुसऱ्या रात्री, १९ फेब्रुवारीला, ८५ आणि ८७ या रेजिमेंट बेल्व्हेदेरेवर गेल्या. इथेही आधी तोफा डागल्या नाहीत. उजेड होईपर्यंत रायफल झाडायची नाही, संगीन आणि हातबॉम्ब एवढेच वापरायचे, असा हुकूम होता. अंधारात गोळी झाडली की आपली जागा कळते. जो झाडेल तो जर्मन, असे मानून चालता येते. किस्काच्या धुक्यात पोळलेल्या रेजिमेंटला या हुकुमाचा अर्थ वेगळा समजावून सांगावा लागला नसेल.

पहाटेपर्यंत माथा हाती आला. पण वाटेत सुरुंग होते, आणि नंतर जर्मन तोफखाना होता. पुढच्या डोंगरासाठी, माउंटे देल्ला तोर्राच्चासाठी, आणखी चार-पाच दिवस झुंज चालली. शेजारच्या माउंटे कास्तेल्लोवर ब्राझीलच्या फौजेने २१ फेब्रुवारीला कब्जा केला. या सगळ्या लढाईत डिव्हिजनचे नऊशेच्या आसपास लोक मेले किंवा जखमी झाले. उभ्या कड्यावर जवळजवळ कुणी मेले नाही आणि साध्या डोंगरउतारावर शेकडो पडले. दोर बांधून कडा जिंकता येतो, तोफगोळ्याला मात्र अनुभवी गिर्यारोहक आणि कालचा रंगरूट सारखेच. मार्चच्या हल्ल्यात टॉर्गर टोकले मारला गेला. नॉर्वेत जन्मलेला हा तरुण अमेरिकेतला विक्रमी स्की-जंपर होता.

त्याच आघाडीवर मराठे

या आघाडीशी महाराष्ट्राचे नाते आहे. इटलीत चौथी, आठवी आणि दहावी अशा तीन भारतीय डिव्हिजन लढल्या आणि त्यांत मराठा लाइट इन्फंट्रीच्या पलटणी होत्या. टायबर नदीच्या वरच्या खोऱ्यात १० जुलै १९४४ रोजी नाईक यशवंत घाडगे एकट्याने मशीनगनच्या ठाण्यावर धावून गेले आणि तिथेच पडले. त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. डिसेंबर १९४४ मध्ये जर्मनांनी सेर्किओ खोऱ्यात अचानक हल्ला केला, तेव्हा फळी सावरायला आठव्या भारतीय डिव्हिजनच्या ब्रिगेड धावून गेल्या. हे खोरे अपेनाइनच्या त्याच रांगेत, बेल्व्हेदेरेच्या पश्चिमेला आहे.

एप्रिल १९४५ चा शेवटचा मोठा हल्लाही दोघांचा सामाईक होता. ९ एप्रिलला पूर्वेकडून आठवी आर्मी सेनिओ नदी ओलांडू लागली. तिथे शिपाई नामदेव जाधव यांनी सुरुंगांच्या पट्ट्यातून आणि पाण्यातून दोन जखमी साथीदारांना मागे आणले, मग मशीनगनची ठाणी मोडली आणि बांधावर उभे राहून मराठ्यांची रणगर्जना देत मागच्या कंपन्यांना पुढे बोलावले. त्यांनाही व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला आणि ते जिवंत परतले. पाच दिवसांनी, १४ एप्रिलला, डोंगरांतून टेन्थ माउंटन निघाली. मराठ्यांना स्की, नायलॉनचे दोर किंवा तीन वर्षांचा कॅम्प हेल मिळाला नव्हता. खास सैनिकांच्या गोष्टी वाचताना हेही डोळ्यांसमोर असलेले बरे.

डोंगर संपल्यावर

१४ एप्रिलचा दिवस डिव्हिजनचा सर्वांत वाईट दिवस ठरला. एका दिवसात पाचशेहून अधिक माणसे मेली किंवा जखमी झाली. कास्तेल द’आयानो गावाजवळच्या ‘हिल ९१३’ वर त्या दिवशी कॅन्सस राज्यातला एक तरुण लेफ्टनंट जबर जखमी झाला. तो स्कीपटू नव्हता, पडलेल्यांच्या जागी आलेला बदली अधिकारी होता. त्याचे नाव बॉब डोल. उजवा हात कायमचा निकामी झालेला हा माणूस पुढे सिनेटर झाला आणि १९९६ मध्ये राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक लढला. डिव्हिजनचे स्वप्न पाहिलेल्या चार्ल्स डोल यांचा तो नातेवाईक नव्हे; आडनाव तेवढे एक.

आठवडाभरात डिव्हिजन डोंगरांतून पो नदीच्या सपाट खोऱ्यात उतरली. आता वेग दोर-खिळ्यांचा नव्हता, तर मिळेल त्या ट्रकचा, जर्मनांच्या सोडून दिलेल्या गाड्यांचा, अगदी सायकलींचा होता. २३ एप्रिलला तिने साध्या वल्ह्यांच्या बोटींतून गोळीबारात पो ओलांडली. गार्दा सरोवराच्या काठचा रस्ता बोगद्यांतून जातो. जर्मनांनी बोगदे उडवले, म्हणून सैनिक पाण्यावर चालणाऱ्या गाड्यांतून वळसा घालून पुढे गेले. ३० एप्रिलच्या रात्री त्यांतली एक गाडी सरोवरात बुडाली आणि सुमारे दोन डझन माणसे गेली, एकच वाचला. दोन दिवसांनी, २ मे रोजी, इटलीतल्या जर्मन फौजेने शरणागती पत्करली.

चार महिन्यांत जवळपास एक हजार ठार आणि सुमारे चार हजार जखमी. चौदा हजारांच्या डिव्हिजनला हा आकडा फार मोठा आहे.

युद्धानंतर

परतलेल्यांपैकी बरेच जण डोंगरांतच परत गेले. पीट सायबर्ट इटलीत इतका जखमी झाला होता की पुन्हा स्कीइंग अशक्य मानले गेले. त्याने १९६२ मध्ये कॅम्प हेलपासून जवळच व्हेल हे स्की केंद्र सुरू केले. ऑस्ट्रियाचा फ्रीडल फायफर ॲस्पेनला गेला. डेव्हिड ब्रोवर सिएरा क्लबमधून अमेरिकेच्या पर्यावरण चळवळीचा नेता झाला. धावपटूंचे प्रशिक्षक बिल बोवरमन यांनी पुढे नायकी कंपनीच्या स्थापनेत भाग घेतला. डिव्हिजन १९४५ मध्ये विसर्जित झाली, आणि १९८५ मध्ये न्यूयॉर्क राज्यात फोर्ट ड्रम येथे पुन्हा उभी राहिली. आजची टेन्थ माउंटन मात्र मुख्यतः हलक्या पायदळाची डिव्हिजन आहे. सोमालिया आणि अफगाणिस्तानात ती लढली.

कॅम्प हेलची बराकींची रांग युद्धानंतर मोडून टाकली गेली, पण डोंगर तिथेच होते. १९५९ ते १९६४ या काळात सीआयएने तिबेटी बंडखोरांना गुपचूप तिथे आणून गनिमी युद्ध शिकवले. उंची आणि थंडी तिबेटसारखी म्हणूनच ती जागा निवडली होती. ऑक्टोबर २०२२ मध्ये अमेरिकेने हा परिसर राष्ट्रीय स्मारक म्हणून घोषित केला. आज तिथे रिकाम्या खोऱ्यात काँक्रीटचे चौथरे आणि गवत आहे, आणि सरळ केलेली ती नदी अजूनही त्याच कालव्यातून वाहते.